नोटिशीपासून निकालापर्यंत : महाराष्ट्रातील खाजगी वनांच्या मालकीचा वाद

३० ऑगस्ट १९७५ रोजी महाराष्ट्रातील सर्व खाजगी वने एका कायद्याने राज्य शासनाच्या मालकीची झाली. त्यासाठी खरेदीखत करावे लागले नाही, जागेचा पंचनामा लागला नाही आणि सातबाऱ्यावर फेरफार पडण्याचीही वाट पाहावी लागली नाही. ‘महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५’ अंमलात आला आणि त्याच्या व्याख्येत बसणारी प्रत्येक जमीन त्याच दिवशी शासनाकडे निहित झाली. पण त्या व्याख्येत नेमकी कोणती जमीन बसते, या प्रश्नाने पुढे जवळजवळ अर्धे शतक न्यायालयांना व्यापून टाकले. डोंगरउतारावरचा लहान शेतकरी, खोतांचे वंशज, मोठे कारखानदार, बांधकाम व्यावसायिक आणि कर्ज काढून सदनिका घेतलेली मुंबई-ठाण्यातील कुटुंबे असे सगळेच त्या वादात ओढले गेले. त्याची मुळे मात्र १९७५ च्या बरीच मागे, कोकणातील जमीनधारणेत आणि ब्रिटिशांच्या वनकायद्यांत आहेत.

वरकस, राब आणि वनकायदा

कोकणातील भातशेती कधीच केवळ खाचरांवर उभी नव्हती. प्रत्येक शेतकऱ्याला खाचरांच्या जोडीला डोंगरउताराची वरकस जमीन लागे. तिथून गुरांना गवत मिळे, उतारावर नाचणी-वरी पिके आणि मुख्य म्हणजे राबासाठी टहाळे मिळत. पावसाळ्यापूर्वी भाताच्या रोपवाटिकेच्या जागेवर टहाळे, पालापाचोळा, गवत आणि शेण पसरून भाजायचे आणि त्या राखेत रोपे टाकायची, ही ठाणे, कुलाबा (आजचा रायगड) आणि रत्नागिरी जिल्ह्यांतील रूढ पद्धत होती. त्यामुळे शेतीला लागून असलेला झाडोऱ्याचा डोंगर हा शेतीचाच भाग मानला जाई.

त्या डोंगराची मालकी एकपदरी नव्हती. रत्नागिरी आणि कुलाब्यात अनेक गावांत वसुलीचा हक्क खोताकडे, कसणूक कुळाकडे आणि लाकूडफाटा, मध, डिंक यांचा वापर कातकरी, ठाकर, वारली अशा आदिवासींकडे होता. साष्टी बेटावर ईस्ट इंडिया कंपनीने एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात काही गावे मुंबईच्या व्यापाऱ्यांना दीर्घ मुदतीच्या किंवा कायमच्या पट्ट्याने दिली. फ्रामजी कावसजी बनाजी यांना ७ जुलै १८३५ रोजी विक्रोळी येथील जमिनीचा कायमचा पट्टा मिळाला. हाच पट्टा पावणेदोनशे वर्षांनंतर सर्वोच्च न्यायालयासमोरच्या कागदपत्रांत वाचला गेला.

१८६५ आणि १८७८ च्या वनकायद्यांनी सरकारने जंगलावर आपला हक्क पक्का केला. १८७८ च्या कायद्याने सरकारी जंगलांचे राखीव, संरक्षित आणि ग्रामवन असे वर्ग पाडले. त्याच कायद्यात सरकारी मालकीच्या नसलेल्या वनांवर नियंत्रण ठेवण्यासाठी स्वतंत्र प्रकरण घालण्यात आले. राखीव वनांच्या हद्दी आखल्या जाऊ लागल्या तशी चराई, सरपण आणि राब यांच्यावर बंधने आली आणि ठाणे-कुलाब्यात असंतोष पसरला. जोतीराव फुले यांनी १८८३ मध्ये पूर्ण केलेल्या ‘शेतकऱ्याचा असूड’ या ग्रंथात वनखात्यामुळे शेतकऱ्यांवर ओढवलेल्या हालांवर टीका केली. तक्रारी इतक्या वाढल्या की मुंबई सरकारला १८८५ मध्ये वन आयोग नेमून या दोन जिल्ह्यांतील गाऱ्हाण्यांची चौकशी करावी लागली. डोंगर कोणाचा आणि त्यावरचे झाड कोणाचे, हा प्रश्न तेव्हापासून शासकीय दप्तरात आहे.

१९२७ चा भारतीय वन अधिनियम आला तेव्हा खाजगी वनांविषयीच्या तरतुदी त्याच्या कलम ३५ ते ३८ मध्ये कायम राहिल्या. त्यांतील कलम ३५ पुढील सर्व वादाचे केंद्र ठरले. उतारावरची माती धरून ठेवणे, दरडी व पूर रोखणे, झरे-नद्यांचे पाणी टिकवणे, रस्ते, पूल आणि लोहमार्ग यांचे रक्षण करणे अशा हेतूंसाठी सरकार अधिसूचना काढून खाजगी वनातील नांगरट, चराई किंवा जाळपोळ यांचे नियमन करू शकत होते किंवा त्यांवर बंदी घालू शकत होते. मालकी मालकाकडेच राही. बंधन फक्त वापरावर येई. मालकाने हयगय केली तर कलम ३६ खाली सरकार व्यवस्थापन ताब्यात घेऊ शके आणि कलम ३७ खाली विशिष्ट परिस्थितीत जमीन संपादनही करता येई. मालकाच्या विनंतीवरून सरकारने वनाची व्यवस्था पाहण्याची सोय कलम ३८ मध्ये होती.

हा अधिकार निरंकुश नव्हता. कलम ३५ च्या पोटकलम (३) प्रमाणे सरकारने आधी मालकाला कारणे दाखवा नोटीस द्यायची, त्याचे आक्षेप व पुरावा नेमलेल्या अधिकाऱ्याने ऐकायचा आणि त्यानंतरच पोटकलम (१) खालची अंतिम अधिसूचना काढायची, असा क्रम कायद्याने घालून दिला होता. नोटीस ही या क्रमातली पहिली पायरी होती. पुढच्या दोन पायऱ्या झाल्याशिवाय बंधन कायम होत नसे.

स्वातंत्र्यानंतरची घाई

दुसऱ्या महायुद्धात लाकूड आणि कोळशाची मागणी वाढली. स्वातंत्र्य मिळताच जमीन सुधारणांची मालिका सुरू झाली. मुंबई राज्यात १९४८ चा कूळ कायदा, १९४९ चा खोती निर्मूलन कायदा आणि साष्टीतील जमिनींसाठी १९५१ चा साष्टी इस्टेट (जमीन महसूल सूट निर्मूलन) कायदा आला. जमीन हातून जाणार असेल तर त्यावरचे उभे लाकूड आधी विकून टाकावे, असा विचार देशभरातील जमीनदार करत होते. सह्याद्रीच्या उतारावरील साग, ऐन, किंजळ आणि खैराच्या रानांनाही तो धोका होता.

मुंबई सरकारने १९४८ मध्ये वन अधिनियमाच्या कलम ३५ मध्ये दुरुस्ती केली. नोटीस दिल्यापासून अंतिम निर्णय होईपर्यंतच्या मधल्या काळात मालकाने झाडे तोडून मोकळे होऊ नये, म्हणून नोटिशीतच मर्यादित मुदतीपुरती मनाई घालण्याचा अधिकार शासनाला मिळाला. नोटीस मालकावर दिवाणी प्रक्रिया संहितेतील समन्सप्रमाणे बजावली पाहिजे, हेही त्याच दुरुस्तीने स्पष्ट केले. १९५५ मध्ये आणखी एक दुरुस्ती झाली आणि कलम ३४अ आले. त्यामुळे झाडे-झुडपे असलेली जमीन, कुरण किंवा शासन अधिसूचनेने जाहीर करील ती कोणतीही जमीन या प्रकरणापुरती ‘वन’ मानण्याची सोय झाली.

हे अधिकार हाती आल्यावर १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात कलम ३५(३) खालच्या नोटिसा मोठ्या संख्येने राजपत्रात छापल्या गेल्या. गावाचे नाव, सर्व्हे क्रमांक आणि क्षेत्र अशी त्यांची ठेवण होती. त्यांपैकी अनेक प्रकरणांत काम तिथेच थांबले. मालकावर नोटीस बजावल्याची पोच फायलीत नव्हती, आक्षेपांची सुनावणी झाली नव्हती आणि अंतिम अधिसूचनाही निघाली नव्हती. ती नोटीस रद्दही झाली नाही आणि पूर्णत्वासही गेली नाही. जमीन मात्र विकली गेली, वारसांत वाटली गेली, कसली गेली, गहाण पडली आणि शहराजवळ असेल तर बिगरशेती झाली.

विदर्भाची स्थिती वेगळी होती. तिथली जमीनदारी व मालगुजारीतील जंगले मध्य प्रदेशच्या १९५० च्या मालकी हक्क निर्मूलन कायद्याने १९५१ मध्येच शासनाकडे गेली होती. त्यामुळे खाजगी वनांचा पुढचा वाद प्रामुख्याने कोकणात आणि पश्चिम महाराष्ट्रात पेटला. सरकारी जंगल अगदीच थोडे आणि बहुतेक डोंगर खाजगी मालकीचा, अशा रत्नागिरी-सिंधुदुर्गात त्याचे महत्त्व विशेष होते.

१९७५ चा कायदा

केरळने १९७१ मध्ये खाजगी वने शासनाकडे निहित करणारा कायदा केला होता. त्याला आव्हान दिले गेले, पण सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये ग्वाल्हेर रेयॉन प्रकरणात हा कायदा कृषी सुधारणेचा भाग ठरवून राज्यघटनेच्या अनुच्छेद ३१अ च्या संरक्षणाखाली वैध मानला. मालमत्तेचा हक्क त्या काळी मूलभूत हक्क होता, त्यामुळे हा निकाल इतर राज्यांसाठीही महत्त्वाचा ठरला. दोन वर्षांनी महाराष्ट्राने आपला कायदा केला.

मालकांकडून होणाऱ्या नाशापासून आणि बेसुमार तोडीपासून वने वाचवणे, पर्यावरणाचा समतोल राखणे आणि ग्रामीण जनतेची आर्थिक-सामाजिक स्थिती सुधारणे, असे या कायद्याचे हेतू होते. कलम ३ प्रमाणे ३० ऑगस्ट १९७५ पासून सर्व खाजगी वने कोणत्याही बोज्याशिवाय शासनाकडे निहित झाली आणि राखीव वने मानली गेली. त्या दिवशी कायदेशीरपणे लागवडीखाली असलेली, कमाल धारणेच्या मर्यादेतील जमीन मात्र यातून वगळली होती. एखादी जमीन खाजगी वन आहे की नाही, असा वाद उद्भवल्यास जिल्हाधिकाऱ्याने चौकशी करून निर्णय द्यायचा आणि त्यावर महसूल न्यायाधिकरणाकडे दाद मागायची, अशी व्यवस्था होती. नुकसानभरपाईचीही तरतूद होती.

१९७८ मध्ये कलम २२अ घालून लहान मालकांना दिलासा देण्यात आला. ३० ऑगस्ट १९७५ या नेमलेल्या दिवशी ज्यांची एकूण धारणा १२ हेक्टरपेक्षा जास्त नव्हती, त्यांना वन म्हणून गेलेली जमीन परत मिळण्याचा मार्ग खुला झाला. हा मार्ग वापरण्यासाठी मालकाला आपली जमीन गेली आहे हे आधी ठाऊक असणे आवश्यक होते आणि नेमके तेच अनेकांना ठाऊक नव्हते.

सगळा पेच कलम २(फ) मधील ‘खाजगी वन’ या व्याख्येत होता. शासनाच्या मालकीचे नसलेले कोणतेही वन त्यात येत होतेच. त्याशिवाय कलम ३४अ खाली वन जाहीर झालेली जमीन, कलम ३५(१) ची अधिसूचना लागू असलेले वन आणि तिसऱ्या उपखंडात ‘जिच्याबाबत कलम ३५(३) खाली नोटीस काढण्यात आली आहे’ अशी जमीनही त्यात धरली होती. जिल्हाधिकारी ठरवील ते दोन हेक्टरपर्यंतचे क्षेत्र तेवढे या शेवटच्या प्रकारातून वगळता येत असे. सुनावणीविना पडून राहिलेली १९५० च्या दशकातली नोटीस अशा रीतीने अचानक मालकी हिरावण्याइतकी बलवान झाली. ज्या नोटिशीचा मूळ उद्देश वापरावर बंधन घालण्यापूर्वी मालकाचे म्हणणे ऐकून घेणे हा होता, तिच्यामुळेच त्याची जमीन जाऊ शकत होती.

कायद्याने निहित झालेल्या जमिनींच्या नोंदी त्याच वेळी सातबाऱ्यावर आल्या असत्या तर वाद लगेच पुढे आला असता, चौकश्या झाल्या असत्या आणि चुका दुरुस्त झाल्या असत्या. अनेक गावांत त्या नोंदी दशकानुदशके झाल्याच नाहीत. कब्जेदार सदरी खाजगी मालकांचीच नावे राहिली. तलाठ्याचे दप्तर एक सांगत होते आणि वनखात्याची यादी दुसरे.

वाढते शहर आणि परतलेली नोटीस

या विसंगतीचा सर्वांत मोठा आघात मुंबईच्या पूर्व उपनगरांत आणि ठाण्यात झाला. विक्रोळी, भांडुप, मुलुंड आणि ठाणे हा पट्टा बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानाच्या डोंगररांगेच्या पायथ्याशी आणि आसपास पसरलेला आहे. विक्रोळीची जमीन गोदरेज अँड बॉइस कंपनीने ३० जुलै १९४८ च्या नोंदणीकृत दस्ताने नवरोजी पिरोजशा यांच्याकडून घेतली होती. या जमिनीतील १३३ एकर ३८ गुंठ्यांचे क्षेत्र पुढे वादग्रस्त ठरले. तिच्याबाबत कलम ३५(३) खालची नोटीस १९५६-५७ च्या सुमारास निघाली होती. साष्टी इस्टेट कायद्याखालील दाव्यामुळे याच जमिनीच्या मालकीवर १९५३ पासून मुंबई उच्च न्यायालयात खटला चालू होता. १९६२ मध्ये शासनाच्या संमतीने झालेल्या हुकूमनाम्यात बहुतांश जमीन कंपनीचीच असल्याचे मान्य झाले. त्या वेळी शासनाने ती वन असल्याचा मुद्दा काढला नाही.

पुढे मुंबईच्या विकास आराखड्यात या जमिनीवर निवासी वापर दाखवला गेला. १९७६ च्या नागरी जमीन कमाल धारणा कायद्याखाली शासनाने तिला मोकळी नागरी जमीन मानून सवलतीचे आदेश दिले. महापालिकेने बांधकामाचे नकाशे मंजूर केले आणि इमारती उभ्या राहिल्या. मुलुंड-ठाण्यातील इतर जमिनींचाही थोड्याफार फरकाने हाच प्रवास झाला. विकासकाने सातबारा पाहिला, नगररचना विभागाने परवानगी दिली, निबंधकाने करार नोंदवले आणि बँकांनी गृहकर्जे दिली. सदनिका घेणाऱ्या माणसाला १९५० च्या दशकातील राजपत्र चाळण्याचे काही कारण नव्हते.

या काळात वनांविषयीचा कायदा कडक होत गेला. १९८० चा वन (संवर्धन) अधिनियम आला आणि वनजमिनीच्या वनेतर वापरासाठी केंद्र सरकारची पूर्वपरवानगी बंधनकारक झाली. १२ डिसेंबर १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने टी. एन. गोदावर्मन प्रकरणात ‘वन’ या संज्ञेला शब्दकोशातील व्यापक अर्थ दिला आणि मालकी कोणाचीही असो, १९८० चा कायदा लागू होईल असे स्पष्ट केले. म्हणजे एखादी जमीन एकदा वन ठरली की तिच्यावरची इमारत केंद्राच्या परवानगीशिवाय बेकायदा ठरण्याची शक्यता निर्माण झाली.

मालकीच्या बाजूनेही निर्णायक घडामोड झाली. ‘चिंतामणी गजानन वेलकर विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या प्रकरणातील नोटीस कायदा लागू होण्याच्या आदल्या दिवशी, २९ ऑगस्ट १९७५ रोजी काढलेली होती आणि मालकावर ती कायदा लागू झाल्यानंतर बजावली गेली. व्याख्येत ‘काढण्यात आली आहे’ एवढेच म्हटले असल्याने नोटीस काढली जाणे पुरेसे आहे, ती आधी बजावली गेलीच पाहिजे असे नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये दिला. या निकालामुळे राजपत्रात केवळ छापलेल्या सर्व जुन्या नोटिशींना बळ मिळाले.

याच सुमारास बॉम्बे एन्व्हायर्नमेंटल अॅक्शन ग्रुपने २००२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली. कायद्याने शासनाकडे आलेली खाजगी वने महसूल दप्तरात दाखवलीच जात नाहीत, त्यामुळे ती बांधकामाखाली जात आहेत, हे या संस्थेचे म्हणणे वस्तुस्थितीला धरून होते. न्यायालयाच्या आदेशांनंतर शासनाने नोंदी अद्ययावत करण्याचे काम हाती घेतले. सातबारा आणि मिळकत पत्रिकांवर ‘राखीव वन’, ‘खाजगी वन’ अशा नोंदी पडू लागल्या आणि दस्तनोंदणी व बांधकाम परवानग्या थांबल्या. वर्षानुवर्षे राहत्या असलेल्या सोसायट्यांतील रहिवाशांना आपले घर वनजमिनीवर आहे असे कळले. घर विकता येईना, त्यावर कर्ज मिळेना, जुन्या इमारतीचा पुनर्विकास करता येईना. ग्रामीण भागात शेतकऱ्यांना स्वतःच्या सातबाऱ्यावर वनखात्याचे नाव दिसू लागले.

उच्च न्यायालय आणि सर्वोच्च न्यायालय

गोदरेज अँड बॉइस आणि इतर जमीनधारकांच्या याचिका मुंबई उच्च न्यायालयाने २४ मार्च २००८ रोजी फेटाळल्या. वेलकर निकाल बंधनकारक असल्याने नोटीस निघाली होती एवढ्यावरच जमीन खाजगी वन ठरते आणि १९७५ मध्येच ती शासनाची झाली, हा त्या निर्णयाचा गाभा होता. शासनाने नंतर दिलेल्या परवानग्यांमुळे कायद्याने झालेले निहितीकरण पुसले जात नाही, ही शासनाची भूमिका उच्च न्यायालयात टिकली.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. न्या. आर. एम. लोढा, न्या. मदन लोकूर आणि न्या. कुरियन जोसेफ यांच्या पीठाने ३० जानेवारी २०१४ रोजी निकाल दिला. न्या. लोकूर यांनी लिहिलेल्या या निकालपत्राने उच्च न्यायालयाचा निर्णय रद्द केला आणि वेलकर निकालही मोडीत काढला.

निकालाचा पहिला आधार नोटिशीच्या आयुष्याचा होता. कलम ३५ मधील नोटीस, मर्यादित मुदतीची मनाई, सुनावणी आणि अंतिम अधिसूचना यांची रचना पाहता ही प्रक्रिया वाजवी वेळेत संपावी, असाच विधिमंडळाचा हेतू दिसतो. १९७५ च्या कायद्याने कलम ३५ स्वतःच रद्द केले. त्यामुळे त्या दिवशी ज्या नोटिशींवरची कार्यवाही खरोखर चालू होती, त्या वाऱ्यावर सुटू नयेत एवढ्यासाठीच तिसरा उपखंड व्याख्येत आला. वीस वर्षे कोणी हात न लावलेल्या नोटिशीला जिवंत करणे हे त्याचे काम नव्हते.

दुसरा आधार बजावणीचा होता. नोटीस ‘काढली’ हे शब्द कलम ३५ च्या संदर्भातच वाचले पाहिजेत आणि त्या कलमात बजावणी व आक्षेप घेण्याची संधी हे अविभाज्य भाग आहेत. मालकाला न कळवता राजपत्रात छापलेल्या मजकुराने त्याची मालकी जाऊ शकत नाही. वेलकर प्रकरणात या बाजूचा पुरेसा विचार झाला नव्हता, असे न्यायालयाने मानले.

तिसरा आधार वस्तुस्थितीचा आणि शासनाच्या वर्तनाचा होता. या जमिनींवर जंगल उरलेले नव्हते. शासनाच्याच वेगवेगळ्या खात्यांनी अर्धे शतक त्या जमिनी खाजगी आणि बांधकामयोग्य मानून निर्णय घेतले होते. खरेदीदाराने अधिक खबरदारी घ्यायला हवी होती, हा शासनाचा युक्तिवाद न्यायालयाने स्वीकारला नाही. सार्वजनिक दप्तरातील नोंदी आणि अधिकृत परवानग्या यांवर नागरिकाने विसंबणे स्वाभाविक आहे आणि या घरांवर हातोडा चालवल्याने कोणतेही वन परत येणार नाही, असे न्यायालयाचे मत पडले.

हा निकाल पर्यावरणाच्या विरोधात गेला असे म्हणणे चूक आहे. नोटिसा निघाल्या तेव्हा त्या डोंगरांवर झाडे होती आणि कायद्याने ती वाचवण्याचा मार्गही दिला होता. मालकाला बोलावून, त्याचे म्हणणे ऐकून अंतिम अधिसूचना काढली असती तर त्या जमिनींवर बांधकामाला वाव राहिला नसता. अर्धवट सोडलेल्या प्रक्रियेने झाडेही वाचवली नाहीत आणि पन्नास वर्षांनी निरपराध रहिवाशांना मात्र वेठीस धरले.

२०१४ नंतर

निकालानंतरही वाद मिटला नाही. हा निकाल शहरी आणि बांधकाम झालेल्या जमिनींपुरताच आहे, रायगडसारख्या जिल्ह्यातील मोकळ्या डोंगरांना लागू होत नाही, अशी भूमिका शासनाने घेतली. २७ सप्टेंबर २०१८ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने अनेक जमीनधारकांच्या याचिका फेटाळताना त्यांच्या प्रकरणांतील तथ्ये गोदरेज प्रकरणाहून वेगळी असल्याचे कारण दिले. ही अपिले सर्वोच्च न्यायालयात पोहोचली. ‘रोहन विजय नहार विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या नावाने एकत्र ऐकल्या गेलेल्या अपिलांवर नोव्हेंबर २०२५ मध्ये न्या. विक्रम नाथ आणि न्या. प्रसन्न वराळे यांच्या पीठाने निर्णय दिला. नोटीस मालकावर बजावल्याचा पुरावा नसेल आणि प्रक्रिया पुढे गेलेली नसेल, तर केवळ जुन्या राजपत्राच्या किंवा फेरफाराच्या आधारे जमीन शासनाची होत नाही, हे तत्त्व जमीन शहरातली असो वा गावातली, सारखेच लागू आहे, असे त्यातून स्पष्ट झाले. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल असताना किरकोळ फरकांवरून त्याला बगल देता येत नाही, याकडेही पीठाने लक्ष वेधले.

मालकी परत मिळाली म्हणजे झाडे तोडण्याची मोकळीक मिळाली, असा याचा अर्थ नाही. मालकी आणि वापर हे दोन वेगळे प्रश्न आहेत. जमीन प्रत्यक्षात वन असेल तर गोदावर्मन निकालाप्रमाणे ती खाजगी असली तरी १९८० चा कायदा लागू होतो. २०२३ च्या दुरुस्तीने त्या कायद्याची व्याप्ती अधिसूचित आणि दप्तरी नोंदलेल्या वनांपुरती आणली. तिला आव्हान दिले गेल्यावर सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२४ मध्ये अंतरिम आदेशाने व्यापक अर्थच तूर्त चालू ठेवला. याशिवाय खाजगी जमिनीवरील ठरावीक जातींची झाडे तोडायला १९६४ च्या महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियमाखाली परवानगी लागतेच.

गोव्याने याच प्रश्नाला वेगळ्या बाजूने हात घातला. तिथे महाराष्ट्रासारखा संपादनाचा कायदा नव्हता. १९९६ च्या आदेशानंतर सावंत समिती आणि पुढे करापूरकर समिती यांनी जागेवर जाऊन खाजगी वने शोधली. एकूण झाडांत किमान ७५ टक्के झाडे वनप्रजातींची, सलग क्षेत्र किमान ५ हेक्टर आणि छत्राची घनता किमान ०.४, हे तीन निकष एकत्र लावले गेले. हे निकष फारच कडक आहेत आणि त्यामुळे खरी वने बाहेर राहतात, असा आक्षेप घेऊन गोवा फाउंडेशन न्यायालयात गेले. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये निकष कायम ठेवले. गोव्यात वाद झाला तो जमिनीवर उभ्या असलेल्या झाडोऱ्याविषयी. महाराष्ट्रात तो फायलीतल्या कागदाविषयी झाला.

खाजगी वनांच्या इतिहासात सर्वांत कमी ऐकला गेलेला आवाज मात्र जंगलात राहणाऱ्यांचा आहे. संपादित वनांचा काही लाभ ग्रामीण जनतेला मिळावा, हा १९७५ च्या कायद्याचा घोषित हेतू होता. रायगड-पालघरच्या डोंगरांवर कातकरी, ठाकर आणि वारली कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या नाचणी-वरी पिकवत आली आहेत आणि २००६ च्या वनहक्क कायद्याखाली त्यांनी दावे केले आहेत. एखादी जमीन शासनाकडून पुन्हा खाजगी मालकाकडे गेली, तर तिच्यावर कसणाऱ्या आदिवासीच्या हक्काचे काय, हा प्रश्न मालक आणि शासन यांच्यातील खटल्यात सहसा येत नाही. सावंतवाडी तालुक्यातील आंबोली, गेळे आणि चौकुळ या गावांत कबुलायतदार गावकरांच्या नावे असलेल्या सामाईक जमिनींचा प्रश्नही वनाच्या नोंदींशी असाच गुंतून पडला.

आज कायद्याची स्थिती बऱ्याच अंशी स्पष्ट आहे. १९७५ च्या कायद्याखाली जमीन शासनाची झाली असे म्हणायचे असेल तर ३० ऑगस्ट १९७५ रोजी ती प्रत्यक्षात वन होती हे शासनाला दाखवावे लागेल, किंवा कलम ३५ खालची अंतिम अधिसूचना अथवा मालकावर बजावलेली आणि त्या दिवशी कार्यवाहीखाली असलेली नोटीस दाखवावी लागेल. लागवडीखालील जमिनीची सूट आणि १२ हेक्टरपर्यंतच्या धारकांचा परताव्याचा हक्क आजही तितकाच महत्त्वाचा आहे. ज्या डोंगरांवर जंगल खरोखर उभे आहे त्यांची मोजणी, मालकांची व कसणाऱ्यांची सुनावणी आणि त्यानंतर दप्तरात स्वच्छ नोंद, हे काम अजून करायचे आहे. ते वेळेत झाले तरच वनही टिकेल आणि त्या वनाच्या आधाराने जगणाऱ्या माणसाला आपली जमीन कोणाची, याचे उत्तर न्यायालयाच्या पायऱ्या न झिजवता मिळेल.